गुल्हाने साहेबाची मरणं

परवा टीव्हीवर मधुकर गुल्हाने पुन्हा एकदा मेला. या वेळी बग्गीखाली सापडून. डोक्यावर तीच पिवळट हॅट, गालांवर तेच तांबडे कल्ले आणि मरताना डावा गाल कॅमेऱ्याकडे करायची तीच खोड. बग्गीचं चाक अंगावरून चाललेलं असताना माणूस मान वळवून आपली चांगली बाजू दाखवतो म्हणजे धन्य आहे.

"मेले वाट्टे गुल्हाने सर," माझी बायको शांता भाजी निवडता निवडता म्हणाली.

"मरू दे," मी म्हणालो. "त्याले दुसरं येते काय?"

गुल्हानेची आणि माझी ओळख दिग्रसच्या एका खासगी शाळेतली. तो इंग्रजीचा मास्तर, मी मराठीचा. नोकरीला लागलो तेही दोनचार महिन्यांच्या फरकानं आणि घरं बांधली तीही अशी, की मधे फक्त कमरेएवढी भिंत. म्हणजे दिवसभर स्टाफरूममध्ये तो आणि घरी आलो की भिंतीपलीकडे तो. हे माझ्या कोणत्या जन्माचं देणं होतं, देव जाणे.

मी तांड्यावरून शिकून वर आलेला. इंग्रजी बोलणारा माणूस दिसला की मी आपोआप उभा राहायचो. त्यामुळे पहिलं वर्षभर मी गुल्हानेला फार मानत असे. तो खिडकीशी उभा राहून, हात मागे बांधून, "रिमार्केबल, राठोड! क्वाइट रिमार्केबल!" असं म्हणायचा आणि मला वाटायचं, काय माणूस आहे! हळूहळू ध्यानात आलं, की या माणसाकडे इंग्रजीची सगळी मिळून दहाअकरा वाक्यं आहेत आणि त्यांतली निम्मी हुकूम आहेत. वर्गातही तो तेच शिकवी. आमच्या शाळेतून बाहेर पडलेल्या कित्येक पोरांना पत्र लिहिता येत नाही, पण "अरेस्ट हिम!" मात्र खणखणीत म्हणता येतं.

देवानं त्याला एकच भांडवल दिलं होतं, ते म्हणजे कातडी. आख्ख्या गुल्हाने घराण्यात तसा गोरा माणूस नव्हता. माय सावळी, बाप कापसाच्या जिनिंगमध्ये राबून काळवंडलेला आणि हा मात्र घाऱ्या डोळ्यांचा, उन्हात गेला की लालबुंद होणारा. लहानपणी पोट्टे त्याला 'गोरा बंदर' म्हणून चिडवत आणि तो रडत घरी येई. हे मला त्याच्या मायनं सांगितलं. तो स्वतः कधी लहान असल्याचं त्यानं कोणाजवळ कबूल केलं नाही.

त्याचं नशीब उघडलं पांढरकवड्याकडच्या जंगलात. तिथं एका हिंदी सिनेमाचं शूटिंग चाललं होतं, इंग्रजांच्या काळातलं. आम्ही चारपाच मास्तर बघायला गेलो होतो. त्यांना गोरे कमी पडत होते. कोणीतरी गर्दीतून गुल्हानेला दंडाला धरून ओढलं, त्याच्या अंगात लाल कोट चढवला आणि एका ओळीत उभा केला. दुपारी त्याला बाणानं मारलं. संध्याकाळी तो आमच्यासोबत बसनं परत आला, पण माणूस म्हणून नाही, साहेब म्हणून आला. कंडक्टरला त्यानं "थँक यू, माय गुड मॅन" म्हटलं. कंडक्टरनं "सुट्टे दे" म्हटलं.

त्यानंतर त्यानं कल्ले वाढवले. केसांना, कल्ल्यांना, मिशांना मेंदी लावून ते तांबडे केले. या कल्ल्यांवरच पुढं त्याचा सगळा संसार चालला, कारण खरे कल्ले असलेला गोरा नट मिळाला की कंपनीचा खोटे केस चिकटवण्याचा खर्च वाचतो. हे त्याला कामं देणाऱ्या मुंबईच्या माणसानंच मला एकदा फोनवर सांगितलं होतं. गुल्हाने घरी नव्हता म्हणून फोन माझ्याकडे आला होता. "बाकी त्याच्यात काय आहे हो," असंही तो म्हणाला. मी ते गुल्हानेला सांगितलं नाही, त्याबद्दल माझे आभार कोणी मानले नाहीत.

दिग्रसच्या बाजारात तो हातात काठी घेऊन फिरे. तूरडाळ घ्यायला जाताना डोक्यावर हॅट. चहाच्या टपरीवर घरून आणलेली कपबशी पुढे करून तो बिनदुधाचा चहा मागे आणि टपरीवाला दरवेळी विचारी, "काहून सर, पोट बिघडलं काय?" कोणाशी बोलणं संपलं की तो "कट!" म्हणे आणि चालू पडे. लग्न त्यानं केलंच नाही. कलेसाठी, म्हणे. मला विचाराल तर कोण्या मुलीच्या बापाला तो पसंतच पडला नाही, कारण मुलगी बघायला गेला तरी तो खिडकीतला उजेड कुठून येतो ते बघून खुर्ची सरकवायचा.

आणि त्याचं ते कायमचं पालुपद, "क्लोज होता, राठोड. कापला." म्हणजे त्याचा चेहरा जवळून घेतला होता, मोठं बोलणं होतं, सेटवर लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, पण नंतर कापलं. दरवेळी कापलं. नटाच्या पोटावर पाय आणणारी, जळकी, हलकट माणसं मुंबईत बसलेली असतात आणि त्यांना दुसरं कामच नसतं, असं त्याचं म्हणणं. पडद्यावर चार सेकंद दिसलेलं काम तो स्टाफरूममध्ये चार तास सांगे. नाचता येईना अंगण वाकडं, दुसरं काय?

तो पहिला सिनेमा दिग्रसच्या टॉकीजला लागला तेव्हा गुल्हानेनं आख्ख्या शाळेला आमंत्रण दिलं. पहिल्या रांगेत हेडमास्तर, मग आम्ही आणि मधोमध तो, शेजारी त्याची माय. अनसूयाबाई तिचं नाव. आम्ही सगळे मावशी म्हणायचो. ठेंगणी, कपाळावर कुंकवाएवढं मोठं हिरवट गोंदण, बोलायला खमकी. घरात आमची बंजाऱ्यांची गोरबोली चालायची, पण मावशी भिंतीवरून डोकावली की आम्ही वऱ्हाडीवर यायचो आणि आता मावशी नाही तरी शांताच्या अन् माझ्या तोंडात तीच बसली आहे.

सिनेमात ओळीनं उभे असलेले गोरे आले. गुल्हाने उठून उभाच राहिला. "मी! डावीकडून तिसरा!" तेवढ्यात झाडीतून आदिवासी वीर आले, दणादण बाण सुटले आणि डावीकडून तिसरा मान वळवून आडवा झाला. टॉकीजमध्ये शिट्ट्या, टाळ्या, "मारा साल्याले!" असा एकच गोंधळ. गुल्हाने मागं वळून लोकांना वाकून नमस्कार करत होता. त्याला वाटलं, हे सगळं आपल्यासाठीच.

मावशी उठली. रांगेतून वाट काढत बाहेर पडली. शांता तिच्या मागं गेली. मावशी तडक घरी आली आणि अंगणातल्या टाक्यातलं थंड पाणी लुगड्यासकट डोक्यावर ओतून घ्यायला लागली. मयतीहून आल्यावर घेतात तसं.

"मावशी, हे काय वो?" शांता ओरडली. "थे सिनेमातलं हाये! सर तिथंच बसून हायेत, तुमच्या बाजूले!"

"मले समजते नं," मावशी म्हणाली. दात वाजत होते तिचे. "म्या काय येडी हाओ? पण डोयानं पाह्यलं नं त्याले मरतानी. पाह्यल्यावर आंग धुवा लागते. नाई धुतलं तं थे मरण त्याच्याच आंगाले लागून राह्यते."

शास्त्रात असं कुठं लिहिलेलं नाही. हे मावशीचं शास्त्र. पण एकदा ते तिच्या डोक्यात बसलं ते बसलंच. पुढं टीव्हीवर मालिकांचा सुकाळ झाला. दर दोनचार मालिकांमागे एखादी इंग्रजांच्या काळातली असतेच आणि तिच्यात मरायला एक गोरा लागतोच. गुल्हाने शाळेत मेडिकल लिव्हचा अर्ज टाकी, यवतमाळहून धामणगावला जाऊन रेल्वे पकडी आणि मुंबईला जाऊन मरून येई. पटकीनं मेला, विषानं मेला, फासावर गेला, हत्तीच्या पायाखाली गेला. एकदा त्याला वाघानं झुडपात ओढून नेलं, त्यात फक्त बूट दिसले. "क्लोज होता," तो म्हणाला. मेडिकल लिव्ह घेऊन मरायला जाणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. त्याचे तास मात्र इकडे मी घेत होतो, मराठीचा मास्तर, "टुडे वी विल रीड" म्हणत.

आणि दर मरणाला मावशीची आंघोळ. पुन्हा रात्री दाखवलेला भाग सकाळी परत दाखवायचे, तो दिसला की परत आंघोळ. हिवाळ्यात सुद्धा थंड पाण्यानं, कारण मयतीचं पाणी तापवत नाहीत म्हणे. शांता भिंतीवरून ऊन पाण्याची बादली पलीकडे द्यायची आणि दमदाटी करून तिला शेवटचे दोन तांबे त्यातले घ्यायला लावायची. एका डिसेंबरात मावशीच्या छातीत कफ झाला, दहाबारा दिवस अंथरुणाला खिळली. तेव्हा मी गुल्हानेला अडवलं.

"गुल्हाने, मायले सांगू नोको नं कोणत्या दिवशी दाखवतेत थे. पाहीन नाई तं आंग धुईन नाई."

त्यानं हॅट काढली, डावा गाल माझ्याकडे केला आणि शुद्ध पुणेरी आवाजात म्हणाला, "राठोड, कलावंतानं आपला प्रेक्षक स्वतःहून कमी करायचा नसतो. कट!"

त्या दिवसापासून माझ्या मनातून तो उतरला तो उतरलाच. आपल्या चार सेकंदांसाठी म्हाताऱ्या मायला थंड पाण्यात उभी करणारा माणूस. ही कसली आली कला? ही तर हौसेची हाव.

मावशी मात्र त्याला काही बोलायची नाही. तिचं एकच मागणं होतं. तो बॅग घेऊन निघाला की फाटकाशी उभी राहून म्हणायची, "बाबू, एखांद्यात तरी जित्ता राह्य रे." तो म्हणायचा, "बघू, आई." आई! गावात सगळे मायला माय म्हणतात, हा आई म्हणे. मग ती माझ्याकडे वळून विचारी, "काहो मास्तर, त्या सिनेमावाल्याइले दुसरा कोनी भेटत नाई काय माराले? माह्याच पोट्टा काहून?" मी म्हणायचो, "मावशी, खोटं मरण आलं की आयुष्य वाढते म्हनतेत." ती म्हणायची, "कितीक वाढवतेत मंग? हज्जार वर्सं जगवतेत काय त्याले?"

एकदा संधी चालून आली. आर्णीजवळ एका मराठी सिनेमाचं शूटिंग होतं. यवतमाळच्याच चार पोरांनी जमवलेला तो सिनेमा. त्यात एक चहाची टपरी होती आणि टपरीवर एक माणूस, सिनेमाभर असलेला, आठदहा वाक्यं बोलणारा, वऱ्हाडीत, आणि शेवटी सगळे पांगल्यावर एकटाच कप विसळत बसलेला. म्हणजे जिवंत. पोरं गुल्हानेकडे आली. सर, सर करत होती बिचारी. मावशी दारामागं उभी होती. मीही भिंतीशी रेंगाळलो होतो, खोटं कशाला बोलू?

"चहावाला?" गुल्हाने म्हणाला. "मी? आणि हे असं बोलायचं? मले, तुले?" जणू तोंडात कोणी शेण कोंबलं होतं. "तुम्ही चुकीच्या घरी आलात. मी गव्हर्नर केला आहे."

गव्हर्नर त्यानं केला होता हे खरं. घोड्यांच्या सारोटातून उतरताना गव्हर्नरच्या पोटात सुरी खुपसली होती.

पोरं गेली. मावशी बाहेर आली नाही. त्या संध्याकाळी तिनं स्वयंपाक केला नाही, गुल्हानेनं खानावळीत जेवून घेतलं आणि तिसऱ्या दिवशी तो हैदराबादला गेला, तोफेच्या तोंडी जायला.

चहावाल्याचं काम आमच्या शाळेचा शिपाई बाबाराव यानं केलं. बाबारावनं कॅमेरा म्हणजे काय ते पाहिलंही नव्हतं. तो घरी बोलतो तसा बोलला आणि शाळेत कप विसळतो तसे कप विसळले. सिनेमा आला, बरा चालला आणि आजही आर्णी-दिग्रसकडे बाबारावला लोक त्या चहावाल्याच्या नावानं हाक मारतात. शांता मावशीला तो सिनेमा दाखवायला घेऊन गेली. शेवटपर्यंत मावशी मुठी आवळून बसली होती, आता याला कोणी मारील, मग मारील म्हणून. दिवे लागले. मावशीनं विचारलं, "याची माय हाये काय वो जित्ती?"

"नाई," शांता म्हणाली. "दोन वर्सं झाले जाऊन."

"अभागी बापा," मावशी म्हणाली. "पाह्यला असता तिनं पोट्टा."

मावशी त्याच्या पुढच्या वर्षी गेली. आधी दोन महिने अंथरुणावर होती. गुल्हाने तेव्हा नोकरीतून सुटला होता, म्हणजे घरीच बसायला हवं होतं. पण त्याला कुठलीशी मोठी मालिका मिळाली होती आणि पंधरा दिवस मुंबई, आठ दिवस दिग्रस असं चाललं होतं. काम कोणतं ते मी विचारलं नाही. मरणंच असणार. तो घरी असला की मात्र मायच्या खाटेशी बसून असे, एवढं मान्य करायला हवं. दार लावून त्यांचं काय काय बोलणं चाले. शांता पेज घेऊन जायची, ती ऐकत असेल. मी नाही.

मावशी गेली तेव्हा तो घरीच होता. आगीचं मडकं त्यानंच धरलं. रडला नाही. चाळीसपन्नास वेळा मेलेला माणूस, पण एक हुंदका फुटला नाही. मी म्हटलं, ठीक आहे, प्रत्येकाची रीत.

दहाव्या दिवशी नदीवर सगळे जमलो. पिंड झाले. गजानन न्हावी वस्तरा घेऊन बसलेला. भावबंद ओळीनं पुढं आले. आमच्याकडे माय-बाप गेले की पोरगा डोकं, दाढी, मिशी सगळं उतरवतो, त्याशिवाय सुतक फिटत नाही. घरातला एकुलता एक मुलगा म्हणजे पहिला मान त्याचा. गजाननानं पाटाकडे हात केला. गुल्हाने हलला नाही.

"बसा, सर."

"नाही," तो म्हणाला. "मला केस काढता येणार नाहीत. कंटिन्युटी आहे."

त्याचे चुलते, नामदेवकाका, हातातली काठी टेकत पुढं आले. ऐंशीच्या घरातला माणूस. "काय हाये?"

"शूटिंग चालू आहे, काका. मागचा भाग आणि पुढचा भाग जुळला पाहिजे. केस गेले तर काम जाईल."

"तुह्यी माय गेली रे!" काका ओरडले. "माय! अन् तुले केसाचं पडलं? सिनेमात मराले लाज नाई वाटत अन् मायसाठी डोक्स भादराले लाज वाट्टे?"

तो उभा राहिला. गोरा चेहरा लाल झालेला. शेवटी काकांनी स्वतः पाटावर बसून, थरथरत्या मानेनं, पुतण्याच्या वाटचं डोकं उतरवून घेतलं. वस्तरा लागून काकांच्या कानामागं थोडं रक्त आलं. मला ते बघवेना. मी गुल्हानेच्या समोर जाऊन उभा राहिलो आणि सगळ्यांदेखत म्हणालो, "गुल्हाने, आजपासून मधातली भिंत तुह्या माह्यासाठी डोक्याइतकी झाली समज. नटाची जात वंगाळ असते हे ऐकलं होतं, पण तू तं मानूसच नाई."

त्यानं हॅट घातली. "कट" सुद्धा म्हणाला नाही.

तेरवी त्यानं केली, पण जेवायला भावबंद आले नाहीत. पंगतीत मोजून सातआठ माणसं होती आणि त्यांत बाबाराव शिपाई. मी गेलो नाही. दुसऱ्या दिवशी तो ते तांबडे कल्ले घेऊन मुंबईला गेला. गावात मग त्याच्यावर जे थुंकणं सुरू झालं ते बरेच महिने चाललं आणि त्यात माझा वाटा काही लहान नव्हता. टपरीवर मी ही गोष्ट किती जणांना सांगितली असेल. नदीवरचं माझं ते वाक्य तर मी प्रत्येक वेळी थोडं थोडं सुधारत गेलो.

मालिका दिवाळीनंतर लागली. मी बघणार नव्हतो. शांता बघायची आणि टीव्ही एकच आहे, त्यामुळे मी पेपर तोंडापुढं धरून बघायचो. गुल्हाने त्यात जंगलातल्या कुठल्याशा जिल्ह्याचा म्हातारा कलेक्टर होता. बोलायला जवळजवळ नव्हतंच. तो मागं उभा असे, सह्या करी, हात मागे बांधून खिडकीतून बघे. दर भागाला मी म्हणायचो, "आज मरते पाह्य." बंडवाले आले, कचेरी पेटली. "आता मरते." दुसरेच दोन गोरे मेले. साथ आली, कलेक्टरची मडम गेली. हा राहिला. माझा पेपर केव्हा खाली आला मला समजलं नाही. अठ्ठावीस भाग झाले आणि शेवटचा भाग आला, डिसेंबरात, संध्याकाळी सातला.

शेवटी स्वातंत्र्य मिळतं. कलेक्टर एकटाच बंदरावर उभा. सामानाची एक पेटी. कोणीतरी पाठीमागून बंदूक काढील म्हणून मी वाट बघत होतो. कोणी काढली नाही. म्हातारा शिडी चढून बोटीवर जातो, वरून हॅट काढतो. कॅमेरा जवळ येतो, अगदी जवळ. पडदाभर चेहरा, समोरून, घारे डोळे, तांबडे कल्ले. बराच वेळ. मग बोट निघते आणि नावं यायला लागतात.

"जित्ता राह्यला," मी म्हणालो.

शांता पदरानं डोळे पुसत होती. "मावशीले ठाऊक होतं," ती म्हणाली. "त्याइनं येऊन पह्यलं तिलेच सांगतलं होतं. शेवटपर्यंत जित्ता हाओ म्हनून. मंग तिनं आन घातली. म्हने, 'माह्या मरणाचं डोक्स भादरू नोको. केस गेले तं थे दुसऱ्याले घेतीन, नाई तं तुले मारून टाकतीन. आधी जित्ता राह्य. मी थांबीन.' म्या पेज घेऊन उभीच होती तिथं."

मी तिच्याकडे वळलो. "तू मले सांगतलं काहून नाई?"

"तुमी विचारलं कुठी? नदीवरून आले तं तुमचं सारं ठरूनच होतं. अन् सरांनी मले हात जोडले होते. म्हने, दाखवेपर्यंत कोनाले नोका सांगू. कापलं तं काय तोंड दाखवू?"

जो माणूस चार सेकंदांचं चार तास सांगायचा, त्यानं हे एवढं पोटात ठेवलं. चुलत्याच्या कानामागचं रक्त बघितलं, माझं वाक्य ऐकलं आणि गप्प राहिला. शूटिंग कधीच संपलं होतं, म्हणजे केस कधीही काढता आले असते. पण पडद्यावर आल्याशिवाय काही खरं नसतं, हे त्याच्याइतकं कोणाला ठाऊक? मला त्याचा रागच आला. माणसानं वाईट असायचं तर पुरतं असावं. आपण त्याच्यावर थुंकून मोकळे झाल्यावर असलं काही समोर आणू नये.

सकाळी अंगणात आवाज ऐकू आला म्हणून बाहेर आलो. तो केव्हा गावात आला होता मला माहीत नव्हतं. भिंतीपलीकडे गजानन न्हावी आपली पेटी आवरत होता. जमिनीवर तांबड्या केसांचा ढीग पडला होता. टाक्याशी गुल्हाने सदरा-धोतरासकट उभा राहून तांब्यानं डोक्यावर पाणी ओतून घेत होता. डोकं गुळगुळीत, मिशी नाही, कल्ले नाहीत. गोऱ्यापणाचा सारा थाट उतरलेला. हुबेहूब मावशी. तीच लहानशी हनुवटी, तेच दात वाजणं. एवढी वर्षं त्या केसांखाली ती दिसलीच नव्हती.

मी आत गेलो. शांतानं चुलीवर पाणी ठेवलेलंच होतं. बादली मी उचलली आणि भिंतीवरून न देता फाटकानं वळसा घालून त्याच्या अंगणात गेलो. बादली त्याच्या पायाशी ठेवली. नदीवरचं ते वाक्य परत घ्यावं असं मनात होतं, पण माझ्या तोंडून निघालं ते एवढंच, "शेवटचे दोन तांबे ऊन घे."

त्यानं माझ्याकडे बघितलं. पाणी गालांवरून ओघळत होतं. पंचवीस वर्षांत पहिल्यांदा मी त्याच्या तोंडून गावचं बोलणं ऐकलं.

"क्लोज दाखोला, राठोड," तो म्हणाला. "पुरा दाखोला. मायले आंग धुवा लागलं नसतं."

मी मान हलवली. तो ऊन पाण्यात तांब्या बुडवायला वाकला आणि वाकता वाकता त्यानं डावा गाल माझ्याकडे केला.